सोपवलेल्या वस्तू
(दोरिस साल्सेदो यांच्या शिल्पकलेविषयी)

घरात मृत्यू होऊन गेला, भेटायला आलेली माणसे पांगली, की चार-आठ दिवसांनी घरच्यांपुढे एक प्रश्न उभा राहतो. गेलेल्या माणसाच्या वस्तूंचे काय करायचे? कपडे गरजूंना देता येतात. चष्मा, घड्याळ, प्रार्थनेचे पुस्तक खणात जपून ठेवता येते. जपमाळ तर बहुतेक वेळा हातांत गुंफून मातीआड गेलेली असते. अडचण होते ती पायांतल्या वहाणांची. त्या दुसऱ्याला देववत नाहीत, टाकून देववत नाहीत आणि दाराशी तशाच राहू दिल्या तर येताजाता डोळ्यांना टोचतात. त्या माणसाच्या चालण्याची ढब, एका टाचेवर जास्त भार देण्याची त्याची सवय, अंगठ्याजवळ झिजलेला तळ, हे सारे त्यांत उतरलेले असते. छायाचित्रात माणसाचा चेहरा असतो. वहाणेत त्याचे वजन असते.

दक्षिण अमेरिकेतील कोलंबिया या देशाच्या शिल्पकर्त्री दोरिस साल्सेदो यांनी अशाच वहाणांपासून एक कलाकृती घडवली आहे. ज्यांच्या त्या वहाणा, ती माणसे मातीआड गेली की नाही हेच त्यांच्या घरच्यांना ठाऊक नव्हते. त्या कलाकृतीचा आणि तिच्या मागेपुढे साल्सेदो यांनी केलेल्या कामाचा विचार आम्ही या लेखात करणार आहोत. आजच्या कलेतील 'मांडणशिल्प' हा प्रकार आपल्या धर्मग्रामातील कुटुंबांना दूरचा वाटेल, हे आम्ही जाणतो. पण या कलेच्या मुळाशी असलेला प्रश्न आपल्या घरांना अगदी जवळचा आहे, आणि म्हणूनच तिची पारख करण्याचा अधिकारही आपल्याला आहे असे आम्हांला वाटते.

मृत्यूनंतर काय करायचे, हे आपल्या परंपरेने आपल्याला शिकवून ठेवले आहे. देह घरी आणला जातो, रात्रभर प्रार्थना होते, मिस्सा होते, प्रत्येकाची मूठभर माती पडते. मग महिन्याची मिस्सा, वर्षाची मिस्सा आणि दर २ नोव्हेंबरला कबरीवर फुले व मेणबत्त्या. दुःख याने कमी होत नाही. पण त्याला एक जागा मिळते, एक तारीख मिळते. कोलंबिया हाही बहुसंख्येने कॅथलिक देश. तेथेही हेच सारे आहे. मात्र सैन्य, बंडखोर गनीम, जमीनदारांच्या आश्रयाने वाढलेल्या सशस्त्र टोळ्या आणि अमली पदार्थांचे व्यापारी यांच्या अनेक दशकांच्या संघर्षात असंख्य कुटुंबांना देहच मिळाला नाही. २०१६ च्या शांतता करारातून तेथे सत्यशोधन आयोग स्थापन झाला. त्याचे अध्यक्ष होते येशूसंघीय धर्मगुरू फ्रान्सिस्को दे रू. आयोगाने २०२२ साली अहवाल दिला. त्यानुसार १९८५ ते २०१८ या काळात साडेचार लाखांवर माणसे मारली गेली आणि १९८५ ते २०१६ या काळात १ लाख २१ हजारांवर माणसे बळजबरीने बेपत्ता केली गेली. बेपत्ता माणसाची मिस्सा कोणत्या दिवशी करायची? माती कशावर टाकायची? ज्या आईने मुलासाठी मृतांची प्रार्थना म्हणायची, तिला आपण त्याला जिवंतपणीच पुरतो आहोत असे वाटत राहते.

साल्सेदो यांचा जन्म १९५८ साली बोगोता या राजधानीच्या शहरात झाला. तेथे आणि पुढे न्यूयॉर्क विद्यापीठात कलेचे शिक्षण घेऊन १९८५ च्या सुमारास त्या मायदेशी परतल्या. त्याच वर्षी ६ नोव्हेंबरला 'एम-१९' या बंडखोर संघटनेने बोगोतातील न्यायप्रासाद, म्हणजे सर्वोच्च न्यायालयाची इमारत, ताब्यात घेतली. सैन्याने ती रणगाडे घालून परत मिळवली. दोन दिवसांत सुमारे शंभर माणसे मृत्युमुखी पडली. त्यांत सर्वोच्च न्यायालयाचे ११ न्यायमूर्ती होते. इमारत जळून गेली. तेथील उपाहारगृहात काम करणारे काही साधे लोक इमारतीतून बाहेर नेले गेले आणि बेपत्ता झाले. हा प्रसंग साल्सेदो यांनी आपल्या शहरात घडताना पाहिला, आणि त्यांच्या पुढील कलेची दिशा तेथून ठरली.

त्यांच्या कलेचे वेगळेपण समजण्यासाठी थोडे मागे जावे लागेल. विसाव्या शतकातील पाश्चात्त्य कलेत 'सापडलेली वस्तू' या कल्पनेने मोठी उलथापालथ केली. १९१७ साली मार्सेल द्युशाँ यांनी कारखान्यात तयार झालेले एक मूत्रपात्र 'कारंजे' असे नाव देऊन न्यूयॉर्कच्या प्रदर्शनाकडे धाडले आणि वस्तू निवडणे हीसुद्धा कलावंताची कृती आहे असा दावा मांडला. जर्मनीत कुर्ट श्विटर्स यांनी ट्रामची जुनी तिकिटे, लाकडाचे तुकडे आणि फेकलेले कागद जोडून चित्रे केली. अमेरिकेत जोसेफ कॉर्नेल जुन्या बाजारातून आणलेली चित्रे, बाटल्या आणि नकाशे काचेच्या छोट्या पेट्यांत मांडत राहिले. या तिघांच्या हेतूंत पुष्कळ अंतर आहे. पण वस्तू तिघांनाही वाटेत भेटली आणि तिच्यावर कोणी हक्क सांगणारा उरलेला नव्हता.

साल्सेदो यांच्या सर्वोत्तम कामांतील वस्तू अशा बेवारस नाहीत. त्या कोणीतरी त्यांच्या हाती सोपवलेल्या आहेत. आपल्या भाषेत यासाठी 'ठेव' असा नेमका शब्द आहे. ठेव ज्याच्याकडे असते तो तिचा मालक नसतो. ती त्याने जपायची असते, आणि धनी येऊन हिशेब मागेल तेव्हा तो द्यायचा असतो. कलावंताच्या हातची वस्तू ठेव असेल तर त्याचे स्वातंत्र्य आपोआप मर्यादित होते. साल्सेदो यांची कला या मर्यादेत मोठी होते आणि मर्यादा सुटली की विरळ होते, असे आमचे मत आहे. पुढील विवेचन या एका कसोटीवर बेतले आहे.

ही कसोटी सर्वांत उजळपणे उतरते ती 'आत्राबिलियारिओस' या कृतीत. १९९० च्या दशकाच्या आरंभी सुरू झालेली ही कृती पुढे अनेक वर्षे वेगवेगळ्या रूपांत मांडली गेली. साल्सेदो हिंसाग्रस्त भागांत फिरत, बेपत्ता माणसांच्या घरी बसत आणि तेथील माणसांचे बोलणे ऐकत. ठिकठिकाणी सामुदायिक कबरी उकरल्या जात तेव्हा ओळख पटवण्यासाठी बहुधा पादत्राणेच कामी येत, हे त्यांच्या ध्यानी आले. कुटुंबांनी त्यांना आपल्या माणसांच्या, विशेषतः स्त्रियांच्या, वापरलेल्या वहाणा दिल्या. साल्सेदो यांनी भिंतीत लहान लहान कोनाडे कोरले. एकेका कोनाड्यात एक वहाण किंवा एक जोड ठेवला. मग कोनाड्याच्या तोंडावर गुरांच्या मूत्राशयाचा पातळ पापुद्रा ताणून बसवला आणि शस्त्रक्रियेसाठी वापरतात त्या काळ्या धाग्याने तो भिंतीला शिवून टाकला. लॅटिनमध्ये 'आत्रा बिलिस' म्हणजे काळे पित्त. विषादाचा उगम जुने वैद्य त्यात मानीत. कृतीचे नाव या शब्दांवरून आले आहे.

पाहणाऱ्याला काय दिसते? पिवळसर धुक्यामागे एक बाईची वहाण. तिची टाच कळते, पट्टा कळतो, रंग नीट कळत नाही. आपण जवळ जातो. पण जवळ गेल्याने अधिक स्पष्ट दिसत नाही. उलट डोळे टाक्यांवर अडतात. ते टाके जाड आहेत, घाईघाईने जखम बंद केल्यासारखे आहेत. भिंतीला कातडी आली आहे आणि तिच्यावर जखम झाली आहे असा भास होतो.

या कोनाड्यांची तुलना समीक्षकांनी कॅथलिक परंपरेतील पवित्र अवशेषांच्या पेटिकांशी केली आहे. ती रास्त आहे, पण आम्हांला त्यातील फरक अधिक महत्त्वाचा वाटतो. गोव्याच्या से कॅथेड्रलमध्ये संत फ्रान्सिस झेवियरच्या अवशेषांचे दर दहा वर्षांनी जाहीर दर्शन होते. तेथे काच असते ती दिसावे म्हणून. रांगेत तासन्‌तास उभा राहिलेला भाविक शेवटी डोळे भरून पाहतो आणि समाधानाने घरी जातो, कारण ज्याचे ते अवशेष आहेत तो प्रभूच्या सान्निध्यात आहे असा त्याचा विश्वास असतो. साल्सेदो यांच्या कोनाड्यावर पडदा आहे तो दिसू नये म्हणून, आणि तरीही पूर्ण झाकले जाऊ नये म्हणून. बेपत्ता माणसाच्या घरच्यांची स्थिती हीच आहे. ते माणूस गेला असे म्हणू शकत नाहीत आणि आहे असेही म्हणू शकत नाहीत. कलावंताने ही अवस्था शब्दांत सांगितली नाही. एका पापुद्र्याने ती पाहणाऱ्याच्या डोळ्यांवर आणून ठेवली. शिवाय ज्या आईने किंवा बहिणीने ती वहाण दिली, तिच्या ठेवीची येथे लाज राखली गेली आहे. परक्यांनी ती निरखावी, तिचा भाव करावा, तिच्यावर हळहळ व्यक्त करून पुढे जावे, याला त्या पडद्याने मज्जाव केला आहे.

याच काळातील दुसरा मोठा गट आहे तो घरातील लाकडी सामानाचा. १९८९ पासून पुढे जवळजवळ दोन दशके साल्सेदो वापरलेली कपाटे, पलंग, मेजे आणि खुर्च्या घेऊन त्यांच्या पोकळ्या काँक्रीटने भरत राहिल्या. कपाटाची काच काढून तेथे काँक्रीट ओतलेले आहे, आणि त्या करड्या पृष्ठभागावर एखाद्या सदऱ्याची बाही किंवा झग्याची कड अर्धवट बुडालेली दिसते. कपाट आता उघडता येणार नाही. त्यात काही ठेवता येणार नाही आणि त्यातून काही काढताही येणार नाही. ज्या घरात माणसाची खोली वर्षानुवर्षे तशीच राखून ठेवलेली आपण पाहिली आहे, तेथील कपाटाला लाकडाचे दार असले तरी आत असेच काँक्रीट असते. १९९९ साली या गटातील काही शिल्पे लिव्हरपूलच्या अँग्लिकन कॅथेड्रलमध्ये मांडण्यात आली होती. प्रार्थनेसाठी येणाऱ्यांच्या वाटेत हे जड, मुके सामान उभे करण्यातील औचित्य आम्हांला कोणत्याही पांढऱ्या भिंतींच्या कलादालनापेक्षा अधिक वाटते.

तिसरी कृती 'अनाथाचा अंगरखा' ही. 'अनलँड' या तीन शिल्पांच्या मालिकेतील ही एक, १९९७ सालची. साल्सेदो यांना एक लहान मुलगी भेटली होती. तिच्या आईवडिलांची हत्या तिच्या डोळ्यांदेखत झाली होती, आणि ती रोज एकच झगा घालत असे, कारण तो तिच्या आईने शिवलेला होता. शिल्पात ती मुलगी नाही, झगाही नाही. दोन वेगवेगळ्या मेजांचे अर्धे भाग तोडून एकमेकांना जोडले आहेत. एका बाजूवर पांढरट रेशमाचे अतिशय तलम आवरण आहे. दोन मेजे जिथे मिळतात तिथे लाकडाला बारीक बारीक हजारो भोके पाडून त्यांतून माणसाचे केस ओवले आहेत. लांबून पाहावे तर एक जुने, ओबडधोबड मेज. अगदी वाकून पाहिले तरच त्यावरची ती शिवण ध्यानी येते.

लाकडात केस शिवण्याच्या या कामाला साल्सेदो आणि त्यांचे सहकारी महिनोन्‌महिने बसले. कोणी म्हणेल, हा निव्वळ अट्टहास आहे. आम्हांला तसे वाटत नाही. आईने मुलीसाठी टाक्यामागे टाका घालून झगा शिवला, त्या श्रमाला उत्तर द्यायचे तर ते श्रमानेच द्यावे लागेल. यंत्राने पाडलेल्या एका फटीत ही गोष्ट मावली नसती. आपल्या आयाबहिणींना हे समजावून सांगण्याची गरज नाही. वेदीवरचे वस्त्र विणणाऱ्या हाताला ठाऊक असते की टाके मोजले जात नसले तरी ते घातलेले असतात.

आता आक्षेपांकडे वळू. पहिला आक्षेप असा की ही कला दुःखाला सुंदर करते, आणि ते सौंदर्य मग जगभरच्या संग्रहालयांत व श्रीमंतांच्या संग्रहांत जाऊन बसते. या आक्षेपात तथ्य आहे. शिकागो, न्यूयॉर्क, लंडन येथील दालनांत ही शिल्पे पाहणाऱ्या बहुतेकांना कोलंबियाच्या नकाशावर तो प्रदेश दाखवता येणार नाही. तरीही उपाय म्हणून शिल्पे कुरूप करावीत असे कोणी म्हणणार नाही. मृत माणसाला आपण आंघोळ घालतो, चांगले कपडे घालतो, फुले वाहतो, ते त्याचा मृत्यू गोड करण्यासाठी नव्हे. त्याच्या मारेकऱ्याने किंवा आजाराने नाकारलेला मान त्याला परत देण्यासाठी. साल्सेदो यांच्या नीटसपणाचा अर्थ आम्ही असा लावतो.

दुसरा आक्षेप अधिक बोचरा आहे. या शिल्पांवर कोणाचेही नाव नाही. वहाण कोणाची, सदरा कोणाचा, हे सांगितलेले नाही. जिथे साक्ष दिल्याने साक्षीदाराचा जीव जातो तिथे नाव न घेणे ही सावधगिरी असते, हे मान्य. पण नाव पुसणे हेच तर मारेकऱ्यांचेही काम होते! 'आत्राबिलियारिओस'पुरता हा आक्षेप आम्ही फेटाळतो, कारण झिजलेली वहाण ही स्वतःच एक नाव असते. घरच्या माणसाला ती शंभरांत ओळखू येते. मात्र पुढे साल्सेदो यांच्या कामाचा आकार वाढत गेला तेव्हा हा आक्षेप खरा ठरू लागला. २००३ साली इस्तंबूलमध्ये दोन इमारतींमधल्या मोकळ्या जागेत त्यांनी सुमारे १५५० लाकडी खुर्च्या एकावर एक रचून भिंतच उभी केली. निनावी स्थलांतरितांची ती आठवण होती. दृश्य विलक्षण होते यात शंका नाही, परंतु त्या ढिगात कोणतीही एक खुर्ची काढून दुसरी घातली असती तरी काही बिघडले नसते. २००७ साली लंडनच्या टेट मॉडर्नमध्ये त्यांनी दालनाच्या जमिनीला १६७ मीटर लांबीची भेग पाडली आणि शास्ते या पुस्तकातील कथेवरून तिला 'शिबोलेथ' हे नाव दिले. एका शब्दाच्या उच्चारावरून यार्देनच्या उताराशी माणसे ओळखून मारली गेली, त्या कथेचा आजच्या वंशभेदाशी लावलेला संबंध मार्मिक आहे, आणि प्रदर्शनानंतर भेग बुजवली तरी तिचा व्रण जमिनीवर राहिला हेही खरे. पण लोक ती भेग ओलांडण्याचा खेळ खेळले आणि छायाचित्रे काढून गेले. येथे कोणाची ठेव नव्हती. म्हणून पाहणाऱ्यावरही कसली जबाबदारी आली नाही.

खुर्च्याच, पण जागा आणि वेळ नेमकी असेल तर काय होते याचे उदाहरण त्याआधीच त्यांनी दिले होते. २००२ साली, न्यायप्रासादाच्या घटनेला १७ वर्षे झाली तेव्हा, ६ व ७ नोव्हेंबर या दोन तारखांना त्यांनी त्याच जागी नव्याने बांधलेल्या इमारतीच्या दर्शनी भिंतीवरून २८० रिकाम्या खुर्च्या हळूहळू खाली सोडल्या. पहिला बळी ज्या वेळी पडला त्या वेळी पहिली खुर्ची उतरली. भाषण झाले नाही, फलक लागला नाही. कामावरून जाणारी माणसे थांबली, वर पाहू लागली आणि आपसांत बोलू लागली. शहराने जे विसरायचे ठरवले होते ते भिंतीवरून खाली उतरत होते. २००७ च्या जुलैमध्ये, बंडखोरांनी पाच वर्षे ओलीस ठेवलेल्या ११ प्रांतिक लोकप्रतिनिधींच्या मृत्यूची बातमी आली, तेव्हा बोगोताच्या मुख्य चौकात साल्सेदो यांनी लोकांबरोबर सुमारे २४ हजार मेणबत्त्या लावल्या. कबरीवरची मेणबत्ती आपल्याला परिचित आहे. ज्यांचे देह अजून घरी आलेले नव्हते त्यांच्यासाठी सारा चौकच कबर झाला.

नावांचा प्रश्न साल्सेदो यांनाही छळत असावा, असे त्यांच्या पुढील कामावरून दिसते. २ ऑक्टोबर २०१६ रोजी शांतता करारावर सार्वमत झाले आणि तो अगदी थोड्या मतांनी फेटाळला गेला. त्यानंतर नऊ दिवसांनी त्याच चौकात शेकडो स्वयंसेवक पांढऱ्या कापडांचे तुकडे सुईदोऱ्याने एकमेकांना जोडत बसले. प्रत्येक तुकड्यावर राखेने एकेका बळीचे नाव लिहिलेले होते. अशी सुमारे दोन हजार नावे होती. राख म्हणजे काय हे राखेच्या बुधवारी कपाळ पुढे करणाऱ्या समाजाला सांगावे लागत नाही. नोव्हेंबरच्या मिस्सेत वेदीपाशी मृतांच्या नावांची यादी वाचली जाते तेव्हा आपलेही कान एका नावासाठी टवकारलेले असतात. पंचवीस वर्षे नाव झाकून ठेवणारी कलावंत अखेर नावापाशी आली, ही आम्हांला तिच्या कलेची प्रगल्भता वाटते.

या दोन टप्प्यांच्या मधोमध 'प्लेगारिया मूदा', म्हणजे 'मूक प्रार्थना', ही २००८ ते २०१० मधील कृती उभी आहे. कोलंबियाच्या सैन्याने त्या काळात गरीब वस्त्यांतील तरुणांना नोकरीची आमिषे दाखवून दूर नेले, ठार मारले आणि लढाईत पडलेले बंडखोर म्हणून त्यांची नोंद केली. शांतता करारातून निर्माण झालेल्या विशेष न्यायासनाने २०२१ साली जाहीर केले की २००२ ते २००८ या काळात अशा बळींची संख्या किमान ६४०२ होती. साल्सेदो यांनी या तरुणांचा शोध घेणाऱ्या आयांची सोबत केली होती. कृतीत शंभरांहून अधिक जोड-मेजे आहेत. एका मेजावर दुसरे मेज पालथे घातलेले, दोहोंच्या मध्ये माती. प्रत्येकाची लांबी शवपेटीइतकी. त्या रांगांमधून वाकडेतिकडे चालावे लागते, दफनभूमीत चालावे तसे. आणि पालथ्या मेजांच्या लाकडातून गवताची कोवळी पाती वर आलेली असतात. येथे वस्तू जुनी नाही, कोणी दिलेलीही नाही. तरीही आमची कसोटी येथे लागू पडते. ते गवत जिवंत आहे, त्याला पाणी घालावे लागते. ज्या संग्रहालयात ही कृती जाईल तेथील माणसांवर ते गवत जगवण्याची जबाबदारी येते. ठेव या वेळी पाहणाऱ्यांकडे सोपवली गेली आहे.

आणि मग २०१८ सालची 'फ्रागमेंतोस', म्हणजे 'तुकडे'. करारानंतर 'फार्क' या सर्वांत मोठ्या बंडखोर सेनेने आपली शस्त्रे खाली ठेवली. त्यांतील ३७ टन धातू वितळवून त्याचे स्मारक करण्याचे काम साल्सेदो यांच्याकडे आले. यशया संदेष्ट्याने तलवारींचे नांगराचे फाळ होतील असे स्वप्न पाहिले. जगभरच्या शिल्पकारांनी त्यावरून उंच, देखणे पुतळे केले. साल्सेदो यांनी पुतळा करण्यास नकार दिला. विजयस्तंभ उभारला तर शस्त्रांचाच गौरव होईल, असे त्यांचे म्हणणे. त्यांनी त्या धातूच्या फरश्या केल्या आणि बोगोतातील एका पडक्या जुन्या घराच्या आवारात त्यांची जमीन केली. युद्धात ज्यांच्यावर लैंगिक अत्याचार झाले अशा स्त्रियांना त्यांनी बोलावले. त्या स्त्रियांनी हातोड्यांनी पत्रे ठोकले, आणि त्या ठोकलेल्या, खडबडीत पत्र्यांवरून फरश्यांचे साचे निघाले. आता कोणीही येतो आणि बंदुकांवरून चालत जातो. पायांखाली त्या स्त्रियांच्या घणांचे वळ असतात. वहाणा सोपवणाऱ्या कुटुंबांपासून सुरू झालेली ही कला शस्त्रे सोपवणाऱ्या वैऱ्यांपर्यंत आली आणि तिने दोन्ही ठेवींचा हिशेब चोख दिला, असे आम्ही म्हणू.

आपल्या वाचकांच्या मनात एक शंका राहील, आणि ती रास्त आहे. या साऱ्या कलेत पुनरुत्थान कुठे आहे? प्रामाणिक उत्तर असे की ते नाही, आणि साल्सेदो तसा दावाही करत नाहीत. पण आपल्या पवित्र आठवड्यात शुक्रवार आणि रविवार यांच्या मध्ये एक शनिवार आहे. त्या दिवशी वेदी उघडी असते, घंटा वाजत नाही, मिस्सा होत नाही. आपण तो दिवस बहुधा रात्रीच्या विधीच्या तयारीत घालवतो. दुसऱ्याच्या दुःखाशी वागतानाही आपण असेच करतो. रडणाऱ्याच्या खांद्यावर हात ठेवण्याआधीच त्याला 'देवाची इच्छा' असे सांगून मोकळे होतो. साल्सेदो यांची कला हा शनिवार ओलांडू देत नाही. श्रद्धावंताला याचा राग येऊ नये. शनिवार पुरता भोगल्याशिवाय रविवार केवळ सण उरतो.

योहानाच्या शुभवर्तमानात रिकाम्या कबरीशी मग्दलेची मरिया रडत उभी आहे. पुनरुत्थानाची तिला अजून वार्ता नाही. समोरच्या माणसाला माळी समजून ती एवढेच विनवते की त्याला कुठे ठेवले ते सांग, म्हणजे मी त्याला घेऊन जाईन. ती न्याय मागत नाही, सूडही मागत नाही. तिला देह हवा आहे. कोलंबियातील आया अनेक वर्षे सैन्याच्या आणि बंडखोरांच्या दारांत उभ्या राहून हेच विचारत आल्या आहेत. शांतता करारानुसार बेपत्तांचा शोध घेणारी एक स्वतंत्र यंत्रणा तेथे काम करते. कबरी उघडल्या जातात, काहींचे अवशेष घरच्यांच्या हाती दिले जातात, आणि मग इतक्या वर्षांनी मिस्सा होते, माती पडते. कला हे काम करू शकत नाही. जोवर ते होत नाही तोवर मागे राहिलेल्या वस्तू कोणीतरी सांभाळल्या पाहिजेत, त्यांच्याभोवती थोडी शांतता राखली पाहिजे आणि त्यांचा धनी अजून परतलेला नाही हे समाजाला विसरू देता कामा नये. इतके काम मात्र कला करू शकते. दोरिस साल्सेदो यांनी ते निष्ठेने केले आहे.